शेवटचं नाव सरेपर्यंत

रविवारी संध्याकाळी आठ-सव्वाआठला अविदादाचा व्हिडिओ कॉल यायचा. तिकडे टोरांटोत तेव्हा सकाळ असायची आणि तो कॉफीचा मग घेऊन खिडकीशी बसलेला असायचा. इकडे मिरा रोडला आमची पानं वाढलेली असायची. आमच्यात एक पोरकट रीत पडून गेली होती. फोन उचलला की मी आधी माझं तोंड दाखवायचो नाही, ताट दाखवायचो. सत्तावन्न वर्षांच्या, विमा कंपनीतून निवृत्तीला टेकलेल्या माणसाला हे शोभत नाही, असं माझी बायको नीला दर रविवारी सांगायची आणि मी दर रविवारी तेच करायचो. त्या रविवारी ताटात कुरकुरीत तळलेले बोंबील होते. फोन वाजला, पडद्यावर ‘अविदादा’ अशी अक्षरं आली, आणि मी न बघताच फोन ताटावर धरून ओरडलो, “बघ आणि जळ लेका! खा तुझा तो पुठ्ठ्यासारखा टोस्ट!”

पलीकडून काहीच आवाज आला नाही. रेंज गेली असेल म्हणून मी फोन आणखी खाली नेला, बोंबलाचा एक तुकडा उचलून कॅमेऱ्यापुढे नाचवला. मग एक बारीक आवाज आला, “काका… मी रेवा.” रेवा त्याची मुलगी. फोन बापाचा, बोलणारी लेक. मी फोन सरळ केला तेव्हा तिचे डोळे सुजलेले दिसले, आणि पुढचं तिनं सांगायची गरज उरली नाही. तीन महिने तो आजारी होता. आम्हाला कळू दिलं नव्हतं; रविवारी कॉफीचा मग तेवढा हातात धरून बसायचा, ती कॉफी तो पीत नव्हता हे मला कधी दिसलं नाही, कारण मी माझं ताट दाखवण्यात गुंग असायचो. फोन ठेवता ठेवता रेवा तिच्या त्या अडखळत्या, पण स्वच्छ मराठीत म्हणाली, “काका, बाबांनी एक सांगितलं होतं. खारीच्या आजींना फोनवर सांगायचं नाही. तुम्ही जाऊन सांगा.”

“जातो,” मी म्हणालो. आणि तीन आठवडे गेलो नाही.

खारीच्या आजी म्हणजे मथुराबाई. भाईंदर पूर्वेला खारी गाव आहे, आता चहूबाजूंनी इमारतींनी वेढलेलं. तिथे त्यांचं बैठं घर, पुढे अंगण, अंगणात विहीर आणि जांभळाचं झाड. बेव्हर्ली पार्कातल्या आमच्या घरापासून रिक्षानं वीस-पंचवीस मिनिटं. लांब नव्हतंच. पण मला त्या बाईंना दोन गोष्टी सांगायच्या होत्या. अविदादा गेला, ही एक. आणि दुसरी आठ वर्षं माझ्या पोटात होती. ती दादा असतानाच सांगायची होती, आणि आता दादा नव्हता.

अविदादा माझा मावसभाऊ, माझ्याहून सहा वर्षांनी मोठा. मावशीचं कुटुंब गिरगावातलं दहा बाय बाराचं बिऱ्हाड सोडून भाईंदरला आलं तेव्हा सगळ्या नातेवाइकांनी अंदमानला निघाल्यासारखा निरोप दिला होता. दोन खोल्या, स्वतंत्र संडास, गच्ची… सगळं होतं, फक्त नळाला पाणी नव्हतं. बिल्डर म्हणाला होता, पुढच्या महिन्यात येईल. ते यायला बरीच वर्षं लागली. तोवर इमारतीतली माणसं हंडे घेऊन खारीतल्या विहिरींवर जायची, आणि गावातली माणसं कपाळाला आठ्या घालायची. साहजिकच होतं, आधी यांनी शेजारची शेतं घेतली, आता पाणी न्यायला आले. त्यात एकच बाई अशी होती, जी स्वतः विहिरीच्या काठावर उभी राहून नंबर लावून द्यायची. वीस वर्षांचा अविदादा कॉलेजला जायच्या आधी चार हंडे भरायचा. सुट्टीत मी तिकडे असलो की पाचवा अर्धा हंडा माझा, आणि त्यातला निम्मा माझ्या चड्डीवर. मथुराबाई ओरडायची, “आवी, त्या बंडूला ऱ्हाऊंदे, विहिरीत पडंल तो!” मला बंडू म्हणायला तेव्हापासून कोणाची परवानगी लागलेली नाही. त्याला मात्र ‘आवी’ फक्त तीच म्हणायची.

पुढे तो कॅनडाला गेला. तिथे तो सिनेमाचा निर्माता झाला, पण गेला तो चित्रपटासाठी वगैरे नव्हे. बी.कॉम. झालेला मुलगा, एका जहाज कंपनीत कारकून. ऑफिसातल्या कुणीतरी कॅनडात स्थायिक व्हायचा अर्ज भरला म्हणून यानंही भरला आणि याचाच मंजूर झाला. तिथे गेल्यावर एका पार्किंगच्या जागेत पहारेकरी झाला. एका हिवाळ्यात त्या रस्त्यावर सिनेमाचं शूटिंग आलं. सिनेमावाल्यांचे ट्रक लागायचे असतात, त्यासाठी आदल्या दिवसापासून रस्त्याच्या कडेला नारिंगी रंगाचे प्लास्टिकचे शंकू मांडून ठेवतात आणि कोणी गाडी लावू नये म्हणून एक माणूस राखत बसतो. त्यांचा तो माणूस थंडीला कंटाळून पळून गेला. दादानं त्यांना सांगितलं, मी बसतो, मला सवय आहे. “कसली सवय?” मी पुढे विचारलं होतं. तो म्हणाला, “नंबर राखायची. भाईंदरला मी हंडे राखलेत, हे तर साधे शंकू.”

अशी त्याच्या कारकिर्दीची सुरुवात. शंकू राखणारा, मग जेवणाच्या गाड्या सांभाळणारा, मग शूटिंगसाठी घरं आणि रस्ते शोधणारा, आणि वीसेक वर्षांनी निर्माता. आमच्या घराण्यात ही बातमी आली तेव्हा निर्माता म्हणजे काय, हे कोणालाच माहीत नव्हतं. आमची कल्पना अशी की पांढरे बूट, हातात चिरूट आणि दोन्ही बाजूंना नट्या. दादा पहिल्यांदा निर्माता म्हणून आला तेव्हा त्याच्या अंगात आठ वर्षांपूर्वीचा स्वेटर होता आणि पिशवीत आमच्यासाठी मेपलच्या पाकाची बाटली. आमच्या सोसायटीतले एक गृहस्थ मुलीचे फोटो घेऊन आले, “भाईसाब, छोटा रोल भी चलेगा,” आणि दादानं त्यांना बसवून, चहा देऊन, अर्धा तास समजावलं की तो ज्या फिल्म्स करतो त्यात माणसं कमी आणि बर्फ जास्त असतो. मासेमारी बंद पडलेल्या एका बेटावरच्या बायकांवर त्यानं फिल्म केली होती. एका गावातला एकुलता एक दवाखाना बंद होतो, त्यावर एक. त्याचा एकही सिनेमा तिथे तुफान चालला नाही, आणि एकही अर्धवट राहिला नाही. दुसऱ्या गोष्टीचा त्याला अभिमान होता. एकदा दिग्दर्शक भांडून निघून गेला, तर हा सहा आठवडे त्याच्या दारात दर सोमवारी सूप घेऊन जात राहिला. सातव्या सोमवारी दिग्दर्शक म्हणाला, सूप नको, येतो मी. “निर्माता म्हणजे काय रे नेमकं?” असं मी एकदा स्पष्टच विचारलं. तो म्हणाला, “लग्नघरातला मामा. नवरा नाही, नवरी नाही, भटजी नाही. पण अक्षता कमी पडल्या की सगळे त्याच्याकडे बघतात.”

त्याच्या सिनेमाची पहिली सीडी त्यानं आणली तेव्हा मावशी नवं लुगडं नेसून टीव्हीपुढे बसली होती. पावणेदोन तास बर्फ बघितला बिचारीनं. सिनेमा संपला, आम्ही उठायला लागलो. मावशी रडवेली होऊन म्हणाली, “अरे, पण तू कुठे दिसलास?” दादा म्हणाला, “बस आई, आता येतो. सगळे उठून गेल्यावर मी येतो.” काळ्या पडद्यावर खालून वर नावं सरकायला लागली. त्यात त्याचं नाव आलं, एका क्षणात गेलं, आणि मावशीनं पडद्याला हात जोडले. पण तो तरीही बसून होता. सुतार, ड्रायव्हर, भांडी घासणारा, ज्यांच्या दारात जनरेटर लावला होता ते म्हातारं जोडपं… शेवटचं नाव सरेपर्यंत तो हलला नाही. थिएटरमध्येही तसंच. झाडूवाला येऊन उभा राहिला तरी हा खुर्चीत. त्याचा एक नियम होता: ज्याचं अंगण वापरलं, ज्याचं पाणी प्यालो, ज्याला दहा दिवस दाराशी गप्प बसायला लावलं, त्याचं नाव शेवटी आलंच पाहिजे. आपल्याकडे लग्नपत्रिकेत काकांचं नाव राहिलं तर काका बारा वर्षं पायरी चढत नाहीत. दादाचं म्हणणं, काका बरोबर आहेत.

नऊ वर्षांपूर्वी तो एका फिल्मच्या शूटिंगसाठी भाईंदरला आला. कॅनडात वाढलेली एक मुलगी आपल्या आजीचं घर शोधत येते, अशी काहीतरी गोष्ट होती. दिग्दर्शिकेनं घोडबंदर रोडवरचे शूटिंगचे बंगले पाहिले, वरसाव्याच्या पुढपर्यंत जाऊन आली, तिला काही पसंत पडेना. मग दादा तिला खारीत घेऊन गेला आणि मथुराबाईंच्या अंगणात उभं केलं. ती म्हणाली, हेच. मथुराबाईंच्या भाऊबंदांनी विरोध केला. चुलतदीर म्हणाले, फिल्लमवाले घुसले की घर बाटतं, विहीर खराब करतील. मथुराबाई सगळ्यांना म्हणाली, “आवी माज्या विहिरीचा पानी प्यालाय. तो कं खराब करंल?” तीन आठवडे तिनं अंगण दिलं. बदल्यात ठरलेलं भाडं तिनं घेतलंच, पण वर एक गोष्ट मागितली. दादा गावात घरोघरी फिरून सांगत असे की शेवटी तुमची नावं येणार, ते ऐकून ती म्हणाली, “माजा नाव टाकशील तवा एकला नको टाकू. यांचा बी टाक. मथुराबाई काशिनाथ. ही विहीर त्यांनी खनली. त्यांचा नाव रेशनकार्डावर सोडून कुटं लिवलेला न्हाय.” दादानं तिच्या हातावर हात ठेवून शब्द दिला.

मी त्या शूटिंगचा स्थानिक माणूस होतो. ऑफिसातून तीन आठवडे रजा काढली. गळ्यात माझ्या फोटोचं ओळखपत्र, कमरेला वॉकीटॉकी. वॉकीटॉकीवर मला इंग्रजीत काय सांगतात ते निम्मं कळायचं नाही, पण मी “ओके, ओके” म्हणत अंगणात अशा ऐटीत फिरायचो, की गावातली कुत्री माझ्यासाठी उठून उभी राहत. नीला एकदा डबा घेऊन आली आणि मला बघून परत निघाली. म्हणाली, ओळखच पटली नाही. शेवटच्या दिवशी दादा म्हणाला, “बंड्या, इथल्या सगळ्यांची नावं मला लिहून दे. तुला सगळे माहीत आहेत. एक राहता कामा नये.” मी मथुराबाईंच्या ओटीवर बसलो. तिनं चहा आणून दिला. तो चहा पीत पीत, तिच्याच भिंतीला टेकून, मी मोबाईलवर त्रेचाळीस नावं लिहिली. पोलीस चौकीतले हवालदार, मंडपवाला, बर्फवाला, आमच्या सोसायटीचे चेअरमन (ते एकदा फोटो काढायला आले होते), माझा मेहुणा (तो एकदा आला आणि दोनदा जेवला), मथुराबाईंचे विरोध करणारे चुलतदीरसुद्धा. माझं स्वतःचं नाव सर्वांत वर. यादी पाठवून दिली.

आणि मथुराबाईंचं नाव राहिलं. वैर नव्हतं, विसरलोही नव्हतो खरं तर. ती समोर होती. दर दहा मिनिटांनी “बंडू, अजून चा घेशील?” म्हणून विचारत होती. घरात बसून घर दिसत नाही तसं काहीतरी झालं. मी विमा कंपनीत नुकसानभरपाईच्या विभागात तीस वर्षं काढली. दुसऱ्यांनी कागदावर काय लिहायचं सोडलं ते शोधून काढायचा मला पगार मिळायचा.

वर्षभरानं फिल्म तयार झाली. दादानं हट्टानं तिचा पहिला खेळ खारीत ठेवला, शाळेच्या हॉलमध्ये, रविवारी दुपारी, खिडक्यांना सतरंज्या लावून. अख्खं गाव आलं. मथुराबाई पहिल्या रांगेत, इरकली लुगडं, केसात अबोली. शेजारी तिची नात, तिला नावं वाचून दाखवायला. सिनेमात विहीर दिसली की पोरं टाळ्या पिटत. संपल्यावर दादा पुढे येऊन म्हणाला, “कोणी उठायचं नाही. आता तुम्ही येताय.” नावं सरकायला लागली आणि हॉलमध्ये जत्रेसारखा गलका झाला. हवालदारांचं आलं, मंडपवाल्याचं आलं, चुलतदिरांचं आलं तेव्हा त्यांनी मिशीला पीळ दिला. नात एकेक वाचत होती. पंचविसाव्या-तिसाव्या नावाशी मी पुढची नावं मनात म्हणायला लागलो, कारण यादी मला पाठ होती आणि पुढे कोण येणार नाही ते मला त्या क्षणी, त्या अंधारात कळलं. शेवटी माझा मेहुणा आला. मग पडदा काळा झाला. नात म्हणाली, “आजी, तुझं नाय आलं. आजोबांचंपण नाय.”

कोणीतरी मागे हसलं. चुलतदीरच असावेत. दादा उभा होता तिथून त्यानं माझ्याकडे एकदाच पाहिलं. रागानं नाही, तो फक्त थांबला होता. त्या दोन-तीन सेकंदांत मी उभं राहायला हवं होतं. मी खाली वाकून चपलेचा बंद नीट केला. मग दादाचा आवाज आला, शांत, सगळ्या हॉलला ऐकू जाईल असा, “चूक माझी आहे. यादी मी केली. मथुराबाई, मी तुमचा अपराधी आहे.” मथुराबाई उठली. पदर सारखा केला. म्हणाली, “ऱ्हाऊंदे सायेब. न्हाय तं न्हाय.”

सायेब. त्या दिवसानंतर तिनं त्याला ‘आवी’ म्हटलं नाही.

त्यानं महिन्याभरात पुढच्या सगळ्या प्रतींमध्ये नावं घालून घेतली. ‘मथुराबाई काशिनाथ पाटील’, सगळ्यांत पहिलं, एकटं, मोठ्या अक्षरात. पुढच्या खेपेला लॅपटॉप घेऊन तिच्या ओटीवर गेला. तिनं बघितलं नाही. “गावानं पायला तवा नव्हता. आता मी एकलीनं बगून काय करू, सायेब?” तिचंही बरोबरच होतं. पंगत उठल्यावर मांडलेल्या पानाला कोण बसेल?

त्या दिवशी परत येताना मी त्याला म्हणालो, “दादा, तू का घेतलंस अंगावर?” तो म्हणाला, “यादी तुला करायला कोणी सांगितली? मी. पाठवलीस ती न तपासता पुढे कोणी धाडली? मी. निर्मात्याचं काम तेच असतं रे. चांगलं झालं तर ज्याचं त्याचं, चुकलं तर आपलं.” मग थोड्या वेळानं म्हणाला, “मथुराबाईंना खरं सांगायचं असेल तर तू सांग. मी सांगणार नाही… आणि सांग असंही म्हणणार नाही.” यावर मी काय म्हणालो असेन? मी म्हणालो, “बघतो.”

कोविडची दोन वर्षं सोडली तर तो दर हिवाळ्यात आला. विमानतळावरून आमच्याकडे, आणि दुसऱ्या दिवशी मला घेऊन खारीत. ती पाट टाकायची, चहा द्यायची, सुकटाची पुडी बांधून द्यायची. काहीच कमी करायची नाही. फक्त “घ्या सायेब”, “बसा सायेब”. चहाचा पहिला घोट घेतला की दादा एकदा माझ्याकडे बघून जांभळाकडे बघायला लागायचा. मला जागा करून द्यायचा. आणि मी घसा खाकरून बोलायला सुरुवात करायचो… मेट्रोच्या खांबांवर. पुढच्या वर्षी पाणीकपातीवर. त्याच्या पुढच्या वर्षी सुरमईच्या भावावर. उठताना तो तिला वाकून नमस्कार करायचा, आणि ती हात वर उचलून थांबवायची, “नको सायेब, मोठी मानसं तुमी.” शेवटच्या खेपेला रिक्षात बसल्यावर तो एवढंच म्हणाला, “वीस वर्षांचा होतो तेव्हापासूनच्या त्या नावानं मला हाक मारणारं आता तिकडे कोणी नाही, इकडेही नाही.” आणि मग हसून विषय बदलला. त्याला विषय बदलता येत नव्हता फारसा. तो गुण माझा.

तर तीन आठवड्यांनी, एका शनिवारी सकाळी, मी नीलाला म्हटलं, चल, खारीला जायचंय. एकट्यानं जायचा धीर नव्हता. तिला वाटलं, फक्त बातमी सांगायची आहे. दुसऱ्या गोष्टीतलं तिला अवाक्षर माहीत नव्हतं. बाकी सगळ्या जगासारखी तीही आठ वर्षं समजत होती की यादी दादानं केली.

मथुराबाई ओटीवर सुपात सुक्या बोंबलाच्या काड्या निवडत बसली होती. आता ऐंशीच्या पुढे गेली आहे, कमरेत वाकली आहे, नजर मात्र तीच. मला एकट्या नीलाबरोबर बघून तिनं हातातलं सूप खाली ठेवलं. “सायेब न्हाय आलं?”

“दादा गेला, मथुराबाई,” मी म्हणालो.

ती विहिरीकडे बघत होती. मग विचारलं, “त्याच्या जवल कोन होतं?”

“लेक होती.”

“बायको?”

“वहिनी आधीच गेल्या. पाच वर्षं झाली.”

“लेकीनं पानी पाजला ना?”

“हो.” मला माहीत नव्हतं खरं तर. पण रेवानं पाजलं असणारच. एवढं झाल्यावर मी थांबलो असतो तर काम झालं होतं. निरोप पोचला होता. घशात मेट्रोचे खांब अगदी तयार होते. नीला तिचं सांत्वन करायला पुढे सरकली, तेवढ्यात मी बोललो. काय आणि कसं बोललो ते नीट आठवत नाही. वाक्यं उलटीसुलटी आली. यादी मी केली होती, इथेच बसून, तुमचा चहा पीत. दादानं नाही. तुमचं आणि काशिनाथबाबांचं नाव माझ्याकडून राहिलं. त्या दिवशी हॉलमध्ये मी उठलो नाही. नंतरही दर वर्षी आलो आणि बोललो नाही. तो माझ्यापायी गप्प बसला.

मथुराबाईनं माझ्याकडे पाहिलं. कोणी माझ्याकडे असं पाहिल्याचं मला आठवत नाही. “मंजे त्याचा काय बी नव्हता?”

“काही नव्हतं.”

“आनि मी त्याला…” तिनं वाक्य सोडलं. पदर तोंडाला लावला, पण रडण्यासाठी नव्हे, काहीतरी आत ढकलण्यासाठी. “वाकायचा तो माज्या पायाशी. मी हात धरायची त्याचा. आठ वर्सं. तू बाजूला बसून चा पेयाचास.”

“हो.”

“बोलला का न्हाय रं? मी तुना मारला असता काय?”

मारलं असतं तर बरं झालं असतं, असं मनात आलं, पण तेही बोलायची लायकी उरली नव्हती. ती भिंतीचा आधार घेत उठली, हळूहळू अंगणात गेली, विहिरीच्या कठड्यावर दोन्ही हात टेकून उभी राहिली. आमच्याकडे पाठ होती. तिथून तिचा आवाज आला, मोठ्यानं नाही, रोजच्यासारखा, कोणी चार पावलांवर हंडा भरत असावं तसा. “आवी,” ती म्हणाली. मग पुन्हा एकदा, “आवी रं…”

नीलानं माझा हात धरला नाही. एरवी धरते.

थोड्या वेळानं मथुराबाई परत आली, सूप मांडीवर घेतलं आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, “आता जा तू. आज मना तुजा तोंड बगायचा न्हाय.” आम्ही चपला घातल्या. अंगणाच्या कडेपर्यंत पोचलो तेव्हा मागून हाक आली, “बुदवारी ये. आनि आवीनं आनलेला त्या डब्यातला शिनेमा घेऊन ये. नातीला बोलावते. चुलतदिराला बी बोलावते.”

बुधवारी रेवाला विचारून, तिनं पाठवलेली फाईल मोबाईलवर घेऊन, शेजाऱ्याच्या मुलाचा लॅपटॉप उसना आणून गेलो होतो. बारा-पंधरा माणसं ओटीवर दाटीनं बसली होती. सिनेमा संपून पहिलं नाव आलं तेव्हा नातीनं ते तीनदा मोठ्यानं वाचलं. चुलतदीर उठायला लागले, तर मथुराबाई म्हणाली, “बस रं. समद्यांची होऊंदे.” शेवटच्या नावापर्यंत सगळे बसले. शेवटचं नाव अजूनही माझ्या मेहुण्याचंच आहे.

पण ते बुधवारचं. त्या शनिवारी, परत येताना, रिक्षात नीला रस्त्याकडे तोंड करून बसली. घरी आल्यावर तिनं कुकर लावला, भाजी चिरली, पानं घेतली. जेवायला बसलो, आणि वरणभात कालवता कालवता, माझ्याकडे न बघता, ती म्हणाली, “दर वर्षी दादा आले की तुम्हाला आठ-आठ दिवस पित्त व्हायचं. आणि मी त्या देवमाणसाला तोंडावर सांगायचे, की तुम्ही यांना बाहेरची भजी खायला घालता म्हणून होतं. ‘हो नीला, चुकलंच माझं,’ म्हणायचे… आणि तुम्ही तेव्हाही समोरच बसलेले असायचात.”